वांग बिंग यांच्या माहितीपटांतील काळ

निवेदकाचा आवाज, पार्श्वसंगीत आणि बेतलेले प्रसंग टाळून समोरचे आयुष्य त्याच्या स्वतःच्या गतीने टिपणाऱ्या चित्रपटाला निरीक्षणात्मक माहितीपट म्हणतात. या परंपरेत चिनी दिग्दर्शक वांग बिंग यांचे नाव बहुधा त्यांच्या चित्रपटांच्या अवाढव्य लांबीसाठी घेतले जाते. वास्तविक ही लांबी माणसांच्या सहवासात दीर्घकाळ राहण्याच्या त्यांच्या पद्धतीतून आपोआप आलेली आहे.

१९६७ साली जन्मलेल्या वांग बिंग यांनी शेन्यांगच्या लू शुन ललित कला अकादमीत छायाचित्रणाचे शिक्षण घेतले आणि त्याच शहरातील तिएशी या औद्योगिक भागात १९९९ ते २००१ या काळात लहानशा डिजिटल कॅमेऱ्यावर आपला पहिला माहितीपट चित्रित केला. नऊ तासांहून मोठ्या या त्रिखंडी कृतीत सरकारी कारखाने बंद पडत जातात, कामगारांच्या वस्त्या उठवल्या जातात आणि मालगाडीच्या पुढच्या टोकावरून बर्फाच्छादित कारखान्यांची रांग सरकत राहते. विश्रांतीच्या खोलीतल्या गप्पा, भांडणे आणि आंघोळी इतका वेळ दिसत राहतात की कारखाना बंद होण्याची बातमी येते तेव्हा काय हरपत आहे, हे प्रेक्षकाला वेगळे सांगावे लागत नाही.

मात्र निरीक्षण म्हणजे मौन, असा नियम त्यांनी स्वतःवर लादलेला नाही. २००७ सालच्या ‘फंगमिंग’मध्ये राजकीय छळ सोसलेली एक वृद्धा जवळजवळ तीन तास बोलते, कॅमेरा क्वचितच हलतो, संध्याकाळ होऊन खोली काळोखते, तरी दिवा लावण्याची विनंती दिग्दर्शक बराच वेळ करत नाही, इथे ऐकणे हेच निरीक्षण ठरते.

२०१७ साली लोकार्नो महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळवणारा ‘श्रीमती फांग’ अधिक अवघड प्रश्न उभा करतो. स्मृतिभ्रंशाच्या अखेरच्या अवस्थेतील स्त्रीच्या चेहऱ्यावर कॅमेरा खिळून राहतो, आणि संमती देण्याच्या स्थितीत ती स्वतः नसल्यामुळे हे पाहण्याचा अधिकार कोणाचा, ही शंका चित्रपट संपल्यावरही फिटत नाही. नातेवाइकांच्या रात्रीच्या मासेमारीची दृश्ये मृत्यूभोवती चालू राहणारा संसार दाखवतात, म्हणून चित्रपट तमाशा होण्यापासून वाचतो. तरीही शंका न्याय्यच आहे.

कलादालनासाठी केलेल्या कामात हीच पद्धत निराळे रूप घेते. प्रेक्षक मनात येईल तेव्हा येतो-जातो, त्यामुळे लांबीची सक्ती तिथे सैल पडते; परंतु डॉक्युमेंटा १४ या प्रदर्शनातील ‘पंधरा तास’ या कृतीत हूझौच्या तयार कपड्यांच्या कारखान्यातील दिवस एकाच अखंड चित्रणात उलगडत असल्याने, निघून जाण्याची मुभा प्रेक्षकाला आहे आणि शिलाई यंत्रावरच्या कामगाराला नाही, हा भेदच त्या कृतीचा आशय बनतो. त्याच परिसरात २०१४ ते २०१९ दरम्यान चित्रित झालेल्या ‘यौवन’ या सुमारे दहा तासांच्या त्रयीत तरुण कामगार मालकाशी नगामागे मिळणाऱ्या मजुरीसाठी पुनःपुन्हा घासाघीस करतात. ही पुनरावृत्ती संकलनात काढून टाकली असती, तर त्यांची चिकाटीही नाहीशी झाली असती.