काचेवरची चित्रे आणि त्यांना हलविणारा हात

हलत्या चित्रांचा आपला इतिहास सांगू लागले की ७ जुलै १८९६ ही तारीख हमखास येते. त्या दिवशी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचा खेळ झाला. परंतु त्याआधी चार वर्षे, १८९२ साली, कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी काचेवर हाताने रंगविलेली चित्रे दिव्याच्या उजेडाने पडद्यावर पाडून लोकांना पुराणकथा दाखविल्या होत्या. या मायावी कंदिलाचे नाव 'शांबरिक खरोलिका'. नाव उच्चारताना जीभ अडखळते, पण खेळ मोठा गमतीचा.

एकच आकृती अनेक काचांवर काढावयाची, दर काचेवर तिची ठेवण किंचित बदलावयाची आणि काचा झरझर पालटावयाच्या. की बाहुली जिवंत झालीच! पुढच्या काळातल्या व्यंगचित्रपटाचे मर्मही हेच. तेथे सेकंदाला चोवीस चौकटी यंत्र मोजते. येथे मोजणारा माणूस होता. निवेदनाचा सूर चढला की काच लवकर सरकवावी, करुण प्रसंगी जरा थांबावे, हे त्याच्या बोटांना ठाऊक.

या काचा आज पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत, ही समाधानाची गोष्ट. पण त्यांच्याविषयी जे लिहिले जाते त्यात खरोलिकेला 'सिनेमाची पूर्वतयारी' म्हणण्याची खोड मला पटत नाही. ती कुणाची तयारी नव्हती. स्वतःच एक पुरी कला होती. सुटी काच छापून दाखविणे म्हणजे कीर्तनकाराची पगडी दाखवून कीर्तन ऐकविल्याचा आव आणणे.

हीच गत पुढेही झाली. फाळक्यांची १९१५ सालची 'आगकाड्यांची मौज' आज उपलब्ध नाही. 'प्रभात'ने पुण्यात 'जंबूकाका' हा व्यंगचित्रपट काढला, तो पुष्कळदा 'पहिल्यां'च्या यादीतले एक नाव म्हणून उरतो. तो काढताना एका चालीसाठी किती कागद फुकट गेले असतील, हे त्या यादीतून कसे कळावे? पुष्कळ चित्रशाळांत तर पारदर्शक पत्रे धुऊन पुन्हा वापरीत. म्हणजे चित्रपट राहिला तरी हातचे काम गेलेच.

उलट १९५६ साली फिल्म्स डिव्हिजनमध्ये डिस्नेकडचे क्लेअर वीक्स शिकवावयास आले आणि राम मोहन यांच्यासारखे तरुण त्यांच्याजवळ बसून शिकले. ती विद्या टिकली, कारण ती हातातून हातात गेली. (वहीच्या कोपऱ्यांवर पळणारा माणूस काढून पाने फडफडविणारी मुले प्रत्येक वर्गात असतात, आम्ही मास्तर मंडळी त्यांना ओरडतो.)

'प्रभात'च्या जागेत १९६१ पासून चित्रपटाचे शिक्षण चालते आणि संग्रहालय तेथून हाकेच्या अंतरावर आहे. मूळ काचांना हात लावू देऊ नये, हे योग्यच. पण त्यांच्या प्रतिकृती करून एक कंदील, एक पडदा आणि एक निवेदक विद्यार्थ्यांच्या हवाली करावयास काय हरकत आहे? संगणकापुढे बसण्याआधी त्यांनी एकदा अंधारात, गोष्ट ऐकत ऐकत, काच वेळेवर पालटून पाहावी.