रॉबर्ट ला फॉलेट : मतनोंदीवर विसंबलेला नेता

‘प्रोग्रेसिव्ह’ या शब्दाचे भाषांतर आपण ‘पुरोगामी’ असे करतो आणि तिथेच थोडी फसगत होते. पुरोगामी म्हटले की आपल्यापुढे जातिनिर्मूलन, सत्यशोधक चळवळ, स्त्रीशिक्षण असे चित्र उभे राहते. अमेरिकेत साधारण १८९० ते १९२० या काळात या शब्दाचा रोख मुख्यतः रेल्वे कंपन्यांवर, मक्तेदार उद्योगांवर आणि त्यांच्या खिशात असलेल्या पक्षयंत्रणेवर होता. या काळातले थिओडोर रूझवेल्ट आणि वुड्रो विल्सन आपल्याला ठाऊक असतात. विस्कॉन्सिन राज्याचे रॉबर्ट ला फॉलेट मात्र आपल्याकडे कुणी फारसे वाचत नाही. आमच्या मते त्या काळातला विचारदृष्ट्या सर्वांत सुसंगत नेता हाच. आणि त्या सुसंगतीतच त्यांची अडचण आहे.

जन्म १८५५ चा, शेतकरी घरातला. १८७९ मध्ये विस्कॉन्सिन विद्यापीठाची पदवी, मग वकिली, मग १८८५ ते १८९१ काँग्रेसच्या खालच्या सभागृहात सदस्य. इथपर्यंत हा माणूस सुधारक वगैरे काही नव्हता, हे नीट लक्षात घ्या. रिपब्लिकन पक्षाचा शिस्तीतला कार्यकर्ता होता. १८९० चे मॅकिन्ली यांचे जकात विधेयक ज्या समितीत तयार झाले, त्या समितीत ते होते.

१९१३ मध्ये पुस्तकरूपाने आलेल्या आत्मचरित्रात त्यांनी आपल्या परिवर्तनाचा एक प्रसंग सांगितला आहे. १८९१ साली लाकूडव्यवसायातले धनाढ्य आणि पक्षाचे बडे नेते सिनेटर सॉयर यांनी त्यांना मिल्वॉकीच्या एका हॉटेलात बोलावले. राज्याच्या माजी खजिनदारांवर खटला चालू होता आणि त्यांचा जामीन म्हणून सॉयर यांचेच पैसे अडकणार होते. न्यायाधीश ला फॉलेट यांचे मेहुणे. ला फॉलेट म्हणतात, मला लाच देऊ केली. सॉयर म्हणाले, छे, मी फक्त वकिलाची फी देत होतो. हा प्रसंग आत्मचरित्रात फार प्रभावी उतरला आहे. एका भेटीत डोळे उघडले, त्यानंतर मागे पाहिले नाही! आम्हांला हे पटत नाही. लाचेचा प्रसंग खोटा, असे आमचे म्हणणे नाही. पण रेल्वेवर कर, उमेदवार निवडण्याची पद्धत, मक्तेदारी हा सगळा कार्यक्रम त्यांच्या भाषणांत दिसू लागतो तो १८९७ च्या सुमारास, म्हणजे मंदीने शेतकरी आणि कामगार पोळून निघाल्यावर. संतचरित्रात एका क्षणात वैराग्य येते, राजकारण्याला ते जरा हप्त्याहप्त्याने येते. त्यात कमीपणा काही नाही. आत्मचरित्रकाराला तो वाटला, एवढेच.

१८९६ आणि १८९८ अशी दोनदा त्यांनी गव्हर्नरपदाची उमेदवारी मागितली आणि दोन्ही वेळा पक्षाच्या अधिवेशनात ती हुकली. प्रतिनिधी पैशाने फोडले, असा त्यांचा आरोप. त्यावर त्यांनी काढलेला उपाय असा : अधिवेशनच नको. उमेदवार थेट मतदारांनी, गुप्त मतदानाने निवडावा. १९०० साली गव्हर्नर झाल्यावर त्यांनी हाच ध्यास घेतला. १९०१ मध्ये विधिमंडळाने या कायद्याचा पाणी घातलेला मसुदा संमत केला, तर यांनी तो नकाराधिकार वापरून परत पाठवला. अर्धी भाकरी घेतली की भूक मरते आणि पूर्ण भाकरीची मागणीच थांबते, असा त्यांचा हिशेब. दोन वर्षे थांबले. १९०३ ला हवा तसा कायदा मंजूर करून घेतला आणि १९०४ ला सार्वमताने तो पक्का झाला. १९०५ ला रेल्वे नियंत्रण आयोग आला. तडजोड न करण्याचा फायदा त्यांना इथे खरोखर झाला, हे मान्य केले पाहिजे.

आता त्यांची पद्धत पाहा, कारण आमचा मुद्दा तिथेच आहे. गावोगाव सभा घ्यायच्या आणि त्या भागाच्या आमदाराने कोणत्या विधेयकावर कसे मत दिले, ते नावानिशी वाचून दाखवायचे. शिवीगाळ नाही, अलंकार नाहीत. नुसते नाव, विधेयक, बाजूने की विरुद्ध. मग तो आमदार आपल्याच पक्षाचा का असेना. १९०६ मध्ये सिनेटमध्ये ते बोलायला उभे राहिले तेव्हा जुने सभासद उठून बाहेर गेले. त्यावर त्यांनी सुनावले की आज तात्पुरती रिकामी केलेली ही आसने लोक पुढे कायमची रिकामी करतील. आणि त्या उन्हाळ्यात देशभर फिरून त्यांनी सिनेटरांची मते वाचून दाखवली.

यामागे एक ज्ञानशास्त्रीय गृहीतक आहे. आम्ही तत्त्वज्ञानाचे मास्तर, तेव्हा हा शब्द सहन करा. गृहीतक असे : सत्य म्हणजे नोंद. नोंद लोकांपुढे ठेवली की लोक बरोबर निर्णय करतात. ते चुकतात ते नोंद लपवली जाते म्हणून. म्हणजे नागरिक आणि वस्तुस्थिती यांच्यामध्ये फक्त एक पडदा आहे, तो ओढला की काम झाले. पडदा नसून चष्मा असेल तर काय, हा प्रश्न या मांडणीत येतच नाही.

बरे, ते स्वतः तरी केवळ नोंदीवर निवडून येत होते का? इतिहासकारांनी दाखवले आहे की गव्हर्नर असताना शिकारीच्या नियमांवर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी रक्षकांसारख्या नेमणुकांतून त्यांनी आपली स्वतःची भक्कम यंत्रणा उभी केली होती. पक्षाचे बॉस मोडायला निघालेला माणूस निवडणुकीच्या हंगामात बॉसच्याच हत्यारांनी लढत होता. आम्ही याला ढोंग म्हणणार नाही. पण लोकांना जागे करायला माणसे, पगार, निष्ठा लागतात, हे त्यांना व्यवहारात पक्के कळले होते आणि सिद्धांतात त्याला जागा नव्हती.

एकदा मात्र त्यांनी त्या चष्म्याकडे बोट दाखवले. २ फेब्रुवारी १९१२, फिलाडेल्फिया, नियतकालिकांच्या प्रकाशकांची मेजवानी. अध्यक्षपदाच्या उमेदवारीची धावपळ, दुसऱ्या दिवशी मुलीची शस्त्रक्रिया, माणूस थकून गेलेला. समोर प्रकाशक बसलेले असताना त्यांनी वर्तमानपत्रे जाहिरातदारांच्या आणि बँकांच्या ताब्यात कशी गेली आहेत, यावर हल्ला चढवला. भाषण लांबले, तीच पाने पुन्हा वाचली गेली, लोक उठून गेले. त्या रात्री त्यांची उमेदवारी जवळपास संपली आणि समर्थक रूझवेल्टकडे वळले. आत्मचरित्राच्या शेवटच्या भागात रूझवेल्टविषयीचा जो कडवटपणा आहे तो इथला. चरित्रकार या भाषणाकडे आजारपण म्हणून पाहतात. आमचे मत वेगळे आहे. सभा म्हणून ते भाषण पूर्ण फसले, पण विश्लेषण म्हणून त्यांच्या साऱ्या कारकिर्दीतले सर्वांत खोल निदान त्यात होते. दुर्दैव असे की त्यांनी ते पुढे आपल्या सिद्धांतात मुरवून घेतले नाही.

पाच वर्षांनी त्याची किंमत चुकती करावी लागली. ४ एप्रिल १९१७ रोजी सिनेटने जर्मनीविरुद्ध युद्धाचा ठराव ८२ विरुद्ध ६ मतांनी संमत केला. त्या सहांत ला फॉलेट होते. २० सप्टेंबरला सेंट पॉल येथे त्यांनी भाषण केले. जर्मनीविरुद्ध आपल्या तक्रारी होत्या, पण त्या युद्ध करण्याइतक्या नव्हत्या, असा त्यांचा आशय. असोसिएटेड प्रेसच्या बातमीत छापून आले की आपल्या तक्रारीच नव्हत्या, असे ते म्हणाले. एका नकाराचा फरक! देशभर संताप उसळला, त्यांना सिनेटमधून हाकलण्याची मागणी झाली, चौकशी बसली. वृत्तसंस्थेने चूक कबूल केली ती १९१८ च्या मे महिन्यात. आयुष्यभर ज्याने नोंद वाचून दाखवली, त्याच्याविरुद्ध नोंदच चुकीची वाचली गेली होती.

पण आम्हांला सर्वांत जास्त बोचते ती दुसरी गोष्ट. विस्कॉन्सिन विद्यापीठ आणि राज्यकारभार यांची जी सांगड जगभर नावाजली गेली, कायदे करताना प्राध्यापकांना बोलवायचे, त्यांचे ज्ञान वापरायचे, ती ला फॉलेट यांच्या काळात घट्ट झाली. विद्यापीठाचे अध्यक्ष चार्ल्स व्हॅन हाइज त्यांचे वर्गमित्र. १९१८ च्या आरंभी याच विद्यापीठातल्या चारशेहून अधिक अध्यापकांनी ला फॉलेट यांचा निषेध करणाऱ्या पत्रकावर सह्या केल्या. व्हॅन हाइज यांचीही सही होती. ही अडाणी मंडळी नव्हती, पुरावा तपासण्याचा पगार घेणारी होती. वृत्तसंस्थेने चूक कबूल करण्याच्या आधीच सह्या झाल्या होत्या. आम्ही चाळीस वर्षे वर्गात तर्कशास्त्र शिकवले, म्हणून सांगतो : अशा पत्रकावर सही करायला भित्रेपणा लागतोच असे नाही. बाजूच्या खोलीतल्या सहकाऱ्याने केली आहे, एवढे पुरते.

या युद्धाला पाठिंबा देणाऱ्यांत जॉन ड्यूईही होते, कोलंबियात डॉ. आंबेडकरांना ज्यांनी शिकवले ते. लोकशाही म्हणजे केवळ मतदान नव्हे, ती एकत्र विचार करण्याची सवय आहे, असे मांडणारा हा तत्त्वज्ञ. याच ड्यूईंनी १९२४ मध्ये अध्यक्षपदासाठी ला फॉलेट यांना पाठिंबा दिला. ड्यूईंच्या मांडणीत जे होते, म्हणजे माहिती आणि निर्णय यांच्यामधली शाळा, चर्चा, सवय, ते ला फॉलेट यांच्या मांडणीत कमी पडले. पण गंमत बघा, १९१७ मध्ये डोके ठिकाणावर होते ते ला फॉलेट यांचे. सिद्धांत अपुरा आणि निर्णय बरोबर, असेही होते.

कुणी म्हणेल, शेवटी लोक परत आलेच ना? आले. १९१९ च्या जानेवारीत सिनेटने ५० विरुद्ध २१ मतांनी प्रकरण मिटवले, १९२२ ला विस्कॉन्सिनने त्यांना प्रचंड बहुमताने निवडून दिले, १९२४ ला तिसऱ्या आघाडीचे उमेदवार म्हणून सुमारे ४८ लाख मते मिळाली. राज्य मात्र एकच जिंकले, आपले. पुढच्या वर्षी ते वारले. आणि १९४६ मध्ये त्यांचे पुत्र, सिनेटर रॉबर्ट ला फॉलेट ज्युनियर, त्याच थेट मतदानाच्या प्राथमिक निवडणुकीत सुमारे पाच हजार मतांनी हरले. हरवणारा होता जोसेफ मॅकार्थी. यावरून ती पद्धतच वाईट, असे म्हणणारे लोक आहेत. आम्ही त्यांच्यात नाही. जुन्या अधिवेशनांतून काय निघत होते ते आपण पाहिलेच.

ज्यांना वाचायचे असेल त्यांनी आत्मचरित्रापासून सुरुवात करू नये. ६ ऑक्टोबर १९१७ चे सिनेटमधले भाषण आधी वाचावे. युद्धकाळात बोलण्याच्या अधिकारावर आहे, आणि त्यात मेक्सिकोच्या युद्धाला विरोध करणाऱ्या लिंकनपर्यंतचे दाखले आहेत. त्या दिवशीही ते नोंदच वाचून दाखवत होते, फक्त यावेळी इतिहासातली. आता प्रश्न घेऊ या.