स्मरणरंजनाचे निवेदक

जुनें गाणें मोठें फसवें असतें. तें कानावर आलें, कीं श्रोता गाण्यापेक्षां आपल्या गत वयाकडेच पाहूं लागतो. आणि त्याला तिकडे नेणारा निवेदक चतुर असला, तर गाण्याचे गुणदोष बाजूसच राहतात. श्री. सुधीर गाडगीळ यांच्या प्रदीर्घ कारकीर्दीचा विचार आम्हांस याच अंगानें करावासा वाटतो.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें. त्यानें जे चेहरे मराठी घरांत ओळखीचे केले, त्यांत पुण्याचे गाडगीळ एक होत. 'मुलखावेगळी माणसं' या कार्यक्रमांतून आणि पुढें भावगीत-नाट्यगीतांच्या असंख्य मैफलींतून त्यांनीं निवेदनास स्वतंत्र कलेची प्रतिष्ठा मिळवून दिली. हातांत कागद नाहीं, आवाजांत नाटकीपणा नाहीं. प्रश्न आंखूड, आणि उत्तर येईपर्यंत थांबण्याची तयारी. हा संयम आजच्या वाहिन्यांवर किती दुर्मिळ झाला आहे, तें वाचक जाणतातच.

परंतु या शैलीचें बळ जें, तेंच तिचें वैगुण्य. गाण्याआधीं त्याच्या जन्माचा किस्सा येतो. किस्सा इतका खुसखुशीत, कीं पुढील गाणें त्याचें परिशिष्ट वाटावें! चाल कां टिकली, शब्द कोठें सैल पडले, हें विचारण्याची कोणासच गरज भासत नाहीं. फ्रान्समध्यें पास्कल सेव्रां यांनीं १९८४ ते २००० या काळांत दूरचित्रवाणीवर जुन्या गाण्यांचा असाच दरबार भरविला होता. ते स्वतः गीतकार. विस्मृतींत गेलेल्या गायकांस ते पुनः गावयास उभे करीत. म्हाताऱ्यांचा कार्यक्रम म्हणून त्याची थट्टा झाली. पण तेथें थकलेला का होईना, गळा ऐकूं येई, आणि श्रोत्यास स्वतः पारख करतां येई.

दुसरा आक्षेप आम्हांस सेनगांवीं बसून अधिक तीव्रतेनें जाणवतो. 'गीतरामायण' १ एप्रिल १९५५ पासून पुणें आकाशवाणीवर सुरू झालें. त्याच्या छप्पन्न गीतांची कथा निवेदक सांगूं लागला, कीं पुण्याच्या सभागृहांतील वृद्धांचे डोळे पाणावतात, आणि तें स्वाभाविकच आहे. त्या सालीं आमचा मुलूख हैदराबाद राज्यांत होता. खेड्यांत रेडिओ विरळा. येथील आजोबांची रात्र गोंधळांत, भारुडांत, नामदेवांच्या नर्सीकडे जाणाऱ्या दिंडीच्या भजनांत सरली. दूरदर्शन घरीं आल्यावर त्यांच्या नातवंडांनीं पुण्यामुंबईच्या आठवणी पाठ केल्या; आजोबांच्या आठवणी मात्र त्यांना कोणी विचारल्या नाहींत. 'आपणां सर्वांचा तो सुवर्णकाळ' हे शब्द पडद्यावरून ऐकतांना ओसरीवर बसलेला म्हातारा गप्प कां राहतो, तें शहरी निवेदकास दिसणार कसें?

हा दोष एकट्या गाडगीळांच्या माथीं मारणें अन्याय्य होईल. ज्या मंडळींनीं त्यांना बोलाविलें, त्यांच्याच आठवणी त्यांनीं जागविल्या, आणि त्या उत्तम जागविल्या. तथापि असा कान, असा धीर आणि अशी अगत्याची वाणी घेऊन कोणी संबळ वाजविणाऱ्या गोंधळ्यासमोर बसेल काय? तो गोंधळीही आतां सत्तरी ओलांडून गेला आहे.