‘जंग और अमन’ : रकान्याबाहेरची माणसे

आनंद पटवर्धन यांचा ‘जंग और अमन’ हा माहितीपट २००२ सालचा. माझ्या पाहण्यात तो निवृत्तीनंतर आला. गांधीहत्येपासून निघून १९९८ च्या पोखरण अणुचाचण्या, पाकिस्तान, जपान आणि अमेरिका असा त्याचा प्रवास आहे.

चाचणीस्थळाजवळच्या खेतोलाई गावचे लोक बोलतात, तो भाग मला सर्वांत मोलाचा वाटला. मामलेदार कचेरीत नुकसानीची विवरणपत्रे तपासण्यात माझी उमेद गेली. पडलेली भिंत रकान्यात मावते. मनात बसलेल्या धास्तीला रकाना नसतो. एका पुरानंतर घर शाबूत असलेल्या म्हातारीच्या नावापुढे मी स्वतः ‘निरंक’ लिहिले होते. ती पुढे कित्येक दिवस घरात झोपली नाही, हे मला नंतर कळले.

जादूगोड्याच्या युरेनियम खाणीलगतची माणसेही या पटात आहेत. डिचोलीच्या लाल धुळीशी किरणोत्साराची तुलना करणे गैर होईल. तरीही आपले दुखणे पुराव्यानिशी सिद्ध करताना खाणीकाठच्या माणसाची होणारी कोंडी आपल्याला अनोळखी नाही.

वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयात १९९५ साली हिरोशिमावर बाँब टाकणारे ‘एनोला गे’ विमान मांडले गेले. होरपळलेल्यांची कहाणी मात्र माजी सैनिकांच्या संघटनांच्या दबावामुळे वगळली गेली. पटवर्धन हे दाखवतात, आणि पुढे त्यांच्याच चित्रपटाला सेन्सॉर बोर्ड काटछाट सुचवते! २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने तो अखंड दाखवण्याची मुभा दिली.

दोषही सांगितले पाहिजेत. चाचण्यांचा जल्लोष करणाऱ्यांची थट्टा करण्याचा मोह दिग्दर्शकाला आवरत नाही. त्या गर्दीतला तरुण का नाचतो, हे विचारायला कॅमेरा थांबत नाही. लाहोरच्या शाळकरी मुलींपाशी मात्र तो थांबतो. व्यासपीठावर अणुबाँबची बाजू आवेशाने मांडणाऱ्या मुली नंतरच्या गप्पांत निराळेच बोलू लागतात. निवेदनाच्या कितीतरी वाक्यांपेक्षा त्यांचे ते अडखळणे अधिक सांगून जाते.

पेडण्यातील पत्रादेवीला १५ ऑगस्ट १९५५ रोजी निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या. ते काही युद्ध नव्हे. तेथील स्मारकावर आपण फुले वाहतो. पण तो दिवस पाहिलेल्यांना आपण कधी निवांत ऐकले आहे का? मंडळाने हा माहितीपट पेडण्यात जरूर दाखवावा, आणि १९५५ वा १९६१ आठवणारे जे वृद्ध हयात असतील त्यांना पडदा उजळण्यापूर्वी बोलते करावे. टिपणे घ्यायला मी येईन.