ययातीला बायकोशी बोलता येत नाही

वि. स. खांडेकरांची 'ययाति' १९५९ साली आली. १९६०चा साहित्य अकादमी पुरस्कार, १९७४चं ज्ञानपीठ. त्यामुळे कोल्हापूरकडे ती आदरानेच वाचली जाते. वारणानगरच्या आमच्या होस्टेलवर तिची एक फाटकी प्रत खोल्याखोल्यांतून फिरायची आणि वाचणाऱ्याचा अभिप्राय ठरलेला असायचा: भोगाने माणसाचं वाटोळं होतं. खुद्द खांडेकरांचा रोखही तिकडेच आहे.

मला मात्र वाटतं, ययाति भोगी होण्याआधी भ्यालेला आहे. नहुषाची मुलं कधी सुखी होणार नाहीत, हा शाप डोक्यावर. थोरला भाऊ यति घर सोडून गेलेला. ज्या अलकेवर जीव जडला, तिला आईनेच विष दिलेलं. असा माणूस लग्न करतो तेव्हा त्याला बायको नको असते, भीतीवर उतारा हवा असतो. देवयानी उतारा व्हायला तयार नाही. तिथून संसार बिनसतो.

कादंबरी ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा यांच्या निवेदनांतून उलगडते. ही रचना मला सगळ्यात बोलकी वाटते. ययाति आपली भीती वाचकाला किती सविस्तर सांगतो! देवयानीसमोर मात्र त्याचं मन मोकळं होत नाही. तीही कचाची सल स्वतःच्याच प्रकरणांत ठेवते. एका छताखाली दोन कबुलीजबाब, आणि दोन्ही भलत्याच माणसापुढे.

इथे खांडेकरांशी माझं भांडण आहे. देवयानीच्या अहंकाराचा हिशोब ते चोख ठेवतात, आणि शर्मिष्ठेला इतकी समर्पित करतात की ययातीचा दोष बायकोच्या स्वभावावर ढकलता येतो. पण शर्मिष्ठेचं पुढे काय होतं? तान्ह्या पुरूला घेऊन तिला लपतछपत नगर सोडावं लागतं आणि राजा असूनही ययाति तिच्यासाठी उघडपणे उभा राहत नाही. म्हणजे समजून घेणारी बाई मिळाली तरी माणूस तोच राहिला.

आमच्या धंद्यात लॉगमध्ये चूक नोंदवली म्हणजे ती दुरुस्त झाली असं कुणी मानत नाही. ययाति मात्र तसं मानतो, आणि त्याची भाषा इतकी देखणी आहे की आपणही मानू लागतो. लग्नाच्या वयातल्या मुलांनी ही कादंबरी जरूर वाचावी. फक्त त्याची कैफियत ऐकताना एवढं विचारावं: हे तू तिला कधी सांगितलंस?