पुढची चौकट कोणाची?

गीतांजली राव यांचे दोन चित्रपट लागोपाठ पाहिले की ॲनिमेशनमधला चित्रकार दिग्दर्शक कधी होतो, हे कळते. जे. जे.मध्ये शिकून, राम मोहन यांच्या स्टुडिओत काम करून त्यांनी ‘प्रिंटेड रेनबो’ (२००६) जवळजवळ एकटीने केला. म्हातारी, तिची मांजर, करडी खोली आणि काडेपेट्यांवरच्या चित्रांतून उघडणारे रंगीत प्रदेश. तिथे हात आणि नजर वेगळे काढता येत नाहीत.

‘बॉम्बे रोज’ (२०१९) मात्र पेपरबोट स्टुडिओतल्या अनेक चित्रकारांनी चौकट न् चौकट रंगवला. लेखन, संकल्पन, संकलन रावांचे. पनागरला घरी, मध्येमध्ये थांबवत तो पाहिला तेव्हा त्यांची सही मला सांध्यांत सापडली. शर्ली डिसूझा रस्त्याने चालते आणि तिच्या पावलांबरोबर आजची मुंबई कृष्णधवल होत जुन्या काळात जाते. असा सांधा रंग लागण्याआधी, स्टोरीबोर्डवरच जुळावा लागतो. कमला-सलीमची गोष्ट संवादांवर विसंबते तेव्हा मात्र सैल पडते. चित्र नुसते सोबतीला उरते.

आपल्याकडच्या कितीतरी चित्रकारांची उमेद परदेशी स्टोरीबोर्ड भरून देण्यात गेली. कसब होते, पुढची चौकट कोणती, हे ठरवण्याचा हक्क नव्हता. ‘बॉम्बे रोज’ त्याच्या उणिवांसकट मला मोलाचा वाटतो, कारण त्यातल्या चुकासुद्धा इथेच, मुंबईत ठरलेल्या आहेत.