व्यग्रतेचा आकडा आणि त्याचे प्रामाण्य

पूर्णा जंक्शनात परभणी-नांदेड लोहमार्गाला अकोल्याकडून येणारा मार्ग मिळतो. अशा स्थानकातील नियंत्रण-फलकावर रुळांचा एखादा तुकडा व्यापलेला असल्यास तांबडा दिवा लागतो. त्या तुकड्यावरील गाडी धावत आहे की वाट पाहत उभी आहे, हे मात्र तो दिवा सांगत नाही; ते सांगण्याचे त्याचे कामही नव्हे. दोष असलाच तर तो तांबडा दिवा पाहून वाहतूक जोरात चालली आहे, असे अनुमान काढणाऱ्याचा. संगणकाच्या प्रोसेसरवर लक्ष ठेवणाऱ्या लायब्रऱ्यांचे आकडे वाचताना हाच दोष आपल्या हातून घडण्याचा संभव असतो. प्रस्तुत टिपणात त्याचाच विचार करावयाचा आहे.

लायब्ररी म्हणजे एकदा लिहून ठेवलेली व अनेक कार्यक्रमांना उसनी घेता येणारी आज्ञावली होय. लिनक्स प्रणालीवरील अशा पुष्कळ लायब्रऱ्या प्रणालीने ठेवलेली वेळेची नोंद वाचतात आणि तीवरून प्रोसेसर शेकडा किती व्यग्र होता, ते सांगतात. परंतु प्रोसेसर स्मृतीतून माहिती येण्याची वाट पाहत खोळंबला असला, तरी तो काळही या नोंदीत व्यग्रतेतच धरला जातो. समजा, एका सेकंदात प्रोसेसरची 300 कोटी आवर्तने झाली आणि आज्ञा मात्र 60 कोटीच पुऱ्या झाल्या. व्यग्रतेचा आकडा शेकडा शंभर दिसेल. प्रत्यक्षात पाच आवर्तनांमागे एकच आज्ञा पार पडली आहे. गाडी रुळावर आहे, पण ती उभी आहे.

हा भेद उघड करण्याचे श्रेय 'पापी' या लायब्ररीला दिले पाहिजे. नाव मराठी कानाला विनोदी वाटले, तरी टेनेसी विद्यापीठात सिद्ध झालेली ही लायब्ररी गंभीर कामाची आहे. प्रोसेसरच्या अंगभूत गणकांतून आवर्तने, आज्ञा आणि स्मृतीतील चुकामुकी ती मोजून देते. तथापि तिचेही आकडे निरपवाद नव्हेत. प्रत्येक गाभ्यात असे गणक मोजकेच असतात. त्यांहून अधिक घटना एकदम मोजावयाच्या झाल्यास त्यांना आळीपाळीने पाळ्या दिल्या जातात. एखादी घटना चतुर्थांश काळच मोजली गेली आणि तीत 20 लाखांची नोंद झाली, तर हाती 80 लाखांचा आकडा येतो. ती गणना नव्हे, अनुमान होय. आणि अल्पकाळ चालणाऱ्या कार्यक्रमात ते अनुमान पुष्कळच चुकू शकते. लिनक्समधील 'पर्फ' हे साधन अशा आकड्याशेजारी तो किती टक्के काळ मोजला गेला, तेही छापते. ही प्रांजळता आमच्या मते त्याच्या इतर गुणांहून मोलाची आहे.

हा वाद केवळ शब्दांचा नाही. पुण्याच्या सी-डॅक संस्थेने 1991 मध्ये 'परम 8000' हा महासंगणक सिद्ध केला. 2024 मध्ये 'परम रुद्र' मालिकेतील यंत्रे राष्ट्राला अर्पण झाली. अशी यंत्रे सार्वजनिक द्रव्यातून उभी राहतात आणि अनेक संशोधक त्यांवरील वेळ वाटून घेतात. ज्याचा कार्यक्रम स्मृतीपाशी खोळंबला आहे, त्याने व्यग्रतेचा आकडा पुढे करून अधिक प्रोसेसर मागितले, तर त्याला फारसा लाभ होत नाही आणि दुसऱ्या कोणाची तरी रांग मात्र लांबते.

पाठभेदांची नोंद नसलेली संपादित पोथी आपण प्रमाण मानीत नाही. तीच कसोटी येथेही लावावी. कोणती घटना मोजली, किती काळ मोजली आणि उरलेले कशावरून ताडले, या तीन गोष्टी प्रबंधातील प्रत्येक आकड्यासोबत याव्यात. त्या नसतील, तर परीक्षकाने तो आकडा परत पाठवावयास कचरू नये.